गाडी कुणाच्या ताब्यात आहे, ते आधी बघा

"ताई, स.न.वि.वि. मी लोकमान्य नगरात राहते. यजमानांचा वाहतुकीचा छोटा धंदा आहे. चार वर्षांपूर्वी कर्ज काढून दहा चाकी डंपर घेतला, त्यावरच घर चालतं. दिवाळीत यजमानांना पक्षाघात झाला, उजवा हात-पाय गेला. तेव्हापासून गाडीचं मी बघते, म्हणजे फोनवर जेवढं बघता येईल तेवढं. मागच्या गुरुवारी नेमावरकडून रेती भरून इंदूरला येताना रात्री एकच्या सुमारास डबल चौकीपाशी खनिज निरीक्षकांनी गाडी अडवली. रॉयल्टी, म्हणजे रेती नेण्याचा परवाना, संध्याकाळी चारची होती, पण तिची वेळ दहाला संपली होती. ड्रायव्हर सांगतो, कन्नोद सोडल्यावर घाटात ब्रेकचा हवेचा पाइप फुटला, गाडी चार तास जागची हलली नाही. त्याने तेव्हा मला फोनही केला होता. गाडी पोलीस थान्यात उभी आहे. ड्रायव्हरला रात्रभर बसवून सकाळी सोडलं. मी दोन दिवस इंदूरच्या कलेक्टर कचेरीत गेले, तिथे आमचा कागदच नाही म्हणाले. परवा नोटीस आली, सव्वादोन लाखांच्या वर रक्कम आणि सात दिवसांत जबाब. ओळखीचे एक गृहस्थ म्हणतात, ऐंशी हजार द्या आणि सगळं ड्रायव्हरवर घाला, मालकाला ठाऊकच नव्हतं असं लिहून द्या, चार दिवसांत गाडी दारात आणतो. ५२,००० चा हप्ता ७ तारखेला आहे. सांवेरला दिरांची थोडी शेती आहे, ते मदत करतील. मी तर फक्त फोनवर बघणारी बाई. काय करू?"

वहिनी, नोटिशीची मुदत अंगावर आहे म्हणून हे उत्तर तुम्हाला आधीच घरपोच पाठवलं आहे. सदरात देते आहे ते अशाच प्रसंगात सापडलेल्या इतर घरांसाठी.

आधी त्या गृहस्थांचं बोलू. ऐंशी हजार देऊ नका आणि ते सांगतात तसं एक अक्षरही लिहून देऊ नका. का, ते पुढे सांगते. पण त्यांचा फोन आला तर आज "नाही" म्हणून मोकळ्या व्हा, कारण "बघते" म्हटलंत तर ते उद्या पुन्हा येतील.

इंदूरच्या कचेरीत तुमचा कागद सापडला नाही, कारण तो तिथे असायचं कारणच नव्हतं. डबल चौकी आपल्याला इंदूरच्या वेशीवरची वाटते, पण ती देवास जिल्ह्यात आहे. ज्या जिल्ह्यात गाडी पकडली तिथला कलेक्टर, तिथली खनिज शाखा आणि तिथलंच कोर्ट. नोटिशीच्या डोक्यावर कार्यालयाचं नाव आणि प्रकरण क्रमांक असतो. घाबरलेल्या माणसाची नजर थेट रकमेवर जाते आणि वरच्या दोन ओळी राहून जातात. ती नोटीस आज पुन्हा वाचा, प्रकरण क्रमांक वहीत उतरवून घ्या. पुढच्या प्रत्येक अर्जावर तो लागणार आहे.

आता मुख्य गोष्ट. गाडी थान्याच्या आवारात उभी आहे एवढ्यावरून ती पोलिसांनी जप्त केली असं समजू नका. खनिज निरीक्षकांनी पकडलेली गाडीही राखणीसाठी थान्यातच लावतात, कारण डंपर उभे करायला खनिज शाखेकडे स्वतःचं आवार नसतं. गाडी तीच, जागा तीच, पण ती कुणाच्या कागदावर उभी आहे यावर सगळं ठरतं. फक्त खनिज शाखेचं प्रकरण असेल तर ते कलेक्टर किंवा अपर कलेक्टरांसमोर चालतं, मध्य प्रदेशच्या २०२२ च्या अवैध खनन, परिवहन आणि भंडारण निवारण नियमांखाली. तुम्हाला आलेली नोटीस बहुधा तीच. पण पोलिसांनी गुन्हाही नोंदवला असेल, म्हणजे भारतीय न्याय संहितेचं चोरीचं ३०३(२) आणि १९५७ च्या खाण व खनिज कायद्याची ४ आणि २१ ही कलमं लावली असतील, तर गाडी कोर्टाच्या अधिकारात जाते आणि सुपुर्दगीचा, म्हणजे निकालापर्यंत गाडी आपल्या ताब्यात मिळण्याचा, अर्ज कोर्टात द्यावा लागतो. कित्येकदा दोन्ही एकदम चालू असतं. तेव्हा कलेक्टरांकडे गाडी राजसात, म्हणजे सरकारजमा, करण्याची कार्यवाही सुरू झाल्याचं पत्र कोर्टात पोहोचलेलं असेल, तर कोर्ट गाडी सोडायला कचरतं आणि तुम्हाला परत कलेक्टरांकडे पाठवतं. चुकीच्या दारात उभं राहिलं की महिना जातो.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. वकिलीच्या सुरुवातीच्या काळात एका शेतकऱ्याची ट्रॅक्टर-ट्रॉली अशीच पकडली गेली होती. मी ट्रॉली थान्यात उभी पाहिली आणि सरळ मॅजिस्ट्रेटसमोर अर्ज लावला. तीन पेश्या, म्हणजे कोर्टाच्या तीन तारखा, झाल्यावर थान्यातून लेखी आलं की आमच्याकडे गुन्हाच दाखल नाही, ट्रॉली खनिज विभागाच्या सांगण्यावरून उभी आहे. तोवर गव्हाची पेरणी उरकून गेली होती. तो माणूस मला एका शब्दाने बोलला नाही. त्याची बायको तिन्ही पेश्यांना कोर्टाच्या पायरीवर मूल मांडीवर घेऊन बसलेली असायची, ती मला अजून दिसते. तेव्हापासून जप्तीच्या प्रकरणात पहिला अर्ज लिहायच्या आधी मी एकच प्रश्न विचारते, गाडी कुणाच्या ताब्यात आहे, आणि त्याचा कागद दाखवा.

तो कागद मिळवणं अवघड नाही. थान्यात जाऊन विचारा, या गाडीबद्दल गुन्हा दाखल आहे का, असेल तर क्रमांक काय, नसेल तर कुणाच्या पत्रावरून ती उभी आहे. तोंडी उत्तरावर थांबू नका, साध्या कागदावर अर्ज द्या आणि दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. गुन्हा दाखल झाला असेल तर एफआयआर चोवीस तासांत संकेतस्थळावर टाकावी असा सुप्रीम कोर्टाचा २०१६ चा आदेश आहे, मध्य प्रदेश पोलिसांच्या पोर्टलवर घरबसल्या पाहता येईल. खनिज शाखेतून जप्ती पंचनाम्याची प्रत मागा. ती हातात आल्याशिवाय नोटिशीला जबाब लिहू नका. एवढ्यात मुदत संपत आली तर "पंचनाम्याची प्रत मिळालेली नाही, ती मिळाल्यावर सविस्तर जबाब देण्यासाठी वेळ द्यावा" असा अर्ज मुदतीच्या आत द्या. पण मुदत रिकामी जाऊ देऊ नका.

आता रॉयल्टीच्या वेळेकडे येते. तुम्ही लिहिता, रॉयल्टी होती, पण तिची वेळ संपली होती. तुम्हाला ती किरकोळ चूक वाटते आहे. समोरच्या अधिकाऱ्याला ती किरकोळ का वाटत नाही, हे तुम्हाला कळलं पाहिजे, नाहीतर जबाबात नेमकं तेच राहून जाईल.

आपण ज्याला रॉयल्टी म्हणतो तो ई-खनिज पोर्टलवरून निघणारा वाहतूक परवाना, ई-टीपी. त्यावर गाडीचा नंबर, कुठून कुठे, किती घनमीटर आणि किती वाजेपर्यंत, सगळं असतं. वेळ घालायचं कारण असं की वेळ नसती तर एकाच परवान्यावर दोन फेऱ्या सहज मारता आल्या असत्या. या धंद्यातली ती सर्वांना माहीत असलेली लबाडी आहे. पहिली फेरी कागदावर आणि दुसरी त्याच कागदाच्या आडोशाने. नेमावरचा घाट आपल्या घरातल्या माणसांनी अमावास्येच्या स्नानासाठी पाहिलेला आहे, आणि नदीच्या पात्रातून रेती ओढली की काठ कसा खचतो तेही. त्या फेऱ्या थांबल्याच पाहिजेत असं माझं स्पष्ट मत आहे, आणि रात्री एक वाजता वेळ संपलेला परवाना हातात घेऊन येणारा डंपर थांबवणाऱ्या निरीक्षकाने आपलं काम केलं असंच मी म्हणेन. म्हणून तुमच्या जबाबाचा सगळा भर एकाच गोष्टीवर हवा: ही दुसरी फेरी नव्हती, पहिलीच होती, वाटेत अडकलेली.

आणि ते सिद्ध करायला तुमच्याजवळ बरंच काही आहे. आधी साधा हिशोब मांडा. इंदूर ते नेमावर सुमारे १३० किलोमीटर. परवाना चार वाजता निघाला, गाडी एकला पकडली, मध्ये नऊ तास. दुसरी फेरी असती तर गाडी एकदा इंदूरला येऊन, रिकामी होऊन, परत नेमावरला जाऊन, पुन्हा भरून डबल चौकीपर्यंत यायला हवी होती, म्हणजे जवळपास ३६० किलोमीटर. नऊ तासांत एवढं कापायचं तर भरल्या डंपरने घाटासकट सलग ताशी चाळीसने धावायचं, आणि रेती भरणं, उतरवणं, रांगेत थांबणं यांना एक मिनिटही द्यायचं नाही. हे कोणत्याही गाडीवाल्याला विचारा, होत नाही. हा हिशोब जबाबात आकड्यांसकट लिहा. अधिकारी रोज "गाडी बिघडली होती" हे वाक्य ऐकतात, त्यांचा कान त्याला मरून गेलेला असतो. हिशोब मात्र ते वाचतात.

मग त्या चार तासांचा पुरावा. पाइप कुणी बदलला? मेकॅनिक कन्नोदहून मोटरसायकलवर आला असेल तर त्याचं दुकान शोधा, त्याच्याकडून तारीख-वेळ घातलेली पावती आणि सही घ्या. ड्रायव्हरने त्याला पैसे फोनवरून दिले असतील तर त्या व्यवहाराची वेळ मिनिटासकट निघते. फुटलेला पाइप फेकून दिला नसेल तर जपून ठेवा. गाडीला जीपीएस असेल तर त्या कंपनीकडून त्या रात्रीची नोंद आजच मागा. फास्टॅगमधून त्या दिवशी कुठे टोल कापला गेला असेल तर तो खातेउतारा काढा. पहिल्या फेरीच्या परतीचा टोल त्यात नसणं हाही पुरावाच आहे.

आणि वहिनी, तुम्ही पत्रात दोनदा लिहिलंय की तुम्ही "फक्त फोनवर" बघता. तोच फोन आता तुमचा सगळ्यात भक्कम पुरावा आहे. ड्रायव्हरने घाटातून तुम्हाला फोन केला तेव्हा परवान्याची वेळ शिल्लक होती. तो कॉल तुमच्या मोबाइलमध्ये तारीख-वेळेसह आहे. त्याने व्हॉट्सअॅपवर काही पाठवलं असेल, एखादा फोटो, तर तोही. काहीही पुसू नका, फोन बदलू नका, मुलांच्या हातात खेळायला देऊ नका. कोर्टात हे द्यायची वेळ आली तर २०२३ च्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे सोबत प्रमाणपत्र लागतं, ते वकील करून देतील.

आता बघा, ते गृहस्थ तुमच्याकडून काय लिहून घेणार होते. "मालकाला ठाऊक नव्हतं, ड्रायव्हरने परस्पर केलं." हे वाक्य लिहिताच तुम्ही मान्य करता की जे झालं ते बेकायदाच होतं, चोरीच होती, फक्त चोर दुसरा. तुमचा खरा बचाव, म्हणजे रेती रीतसर घेतलेली होती आणि गाडी वाटेत बिघडली, तुम्ही स्वतःच्या हाताने खोडून टाकता. दुसरं म्हणजे ते खोटं आहे, आणि ते खोटं तुमच्याच फोनमधला तो कॉल उघडं पाडेल. तिसरी गोष्ट मला सगळ्यात जास्त बोचते. बिघाड, मेकॅनिक, वेळ, सगळं डोळ्यांनी पाहिलेला माणूस एकच आहे आणि त्यालाच तुम्ही आरोपी करायला निघाला आहात. त्याला आरोपी केलंत की तो साक्षीदार उरत नाही. चोरीच्या कलमाला तीन वर्षांपर्यंतची शिक्षा आहे. रात्रभर थान्यात बसून सकाळी घरी गेलेल्या माणसाला मालकिणीचा पहिला फोन कशासाठी आला, हे तो जन्मभर लक्षात ठेवेल. तुमच्या पत्रात त्याच्याबद्दल तो काय "सांगतो" एवढंच आहे, त्याची विचारपूस केली का ते नाही. घाईत राहून गेलं असेल. आज करा.

त्याला घरी बोलवा, यजमानांसमोर बसवा आणि नीट विचारा. बिघाडाची हकिगत खरी असेल तर तो बारीकसारीक सांगेल, कुठल्या वळणावर, गाडीला दगड कुणी लावले, वाट बघताना चहा कुठून आणला. खरी नसेल, ती खरंच दुसरी फेरी असेल, तर तेही आत्ताच कळू द्या. मग मेकॅनिकची पावती तयार करून आणायचा विचारही मनात आणू नका. तेव्हा रस्ता वेगळा, शास्ती भरायची आणि पुढच्या फेरीपासून हिशोब स्वतःच्या हातात घ्यायचा. पण पुढचं सगळं मी हकिगत खरी धरून लिहिते आहे.

पंचनामा हातात आला की त्यातली मोजणी बघा, याकडे फार थोडे लोक लक्ष देतात. परवान्यापेक्षा रेती जास्त निघाली तर तो वेगळा आक्षेप होतो, आणि मोजणी टेपने होते. समजा परवाना १२ घनमीटरचा आहे. पंचनाम्यात लिहिलंय, लांबी १६ फूट, रुंदी साडेसात फूट, उंची ४ फूट. गुणाकार ४८० घनफूट, म्हणजे सुमारे साडेतेरा घनमीटर, झाला जादा माल. पण ती ४ फूट उंची कशाची? पत्र्याच्या काठापर्यंतची की आतल्या रेतीच्या पृष्ठभागापर्यंतची? रेती काठाच्या अर्धा फूट खाली असेल तर उंची साडेतीन, एकूण ४२० घनफूट, म्हणजे बारा घनमीटरच्या आतच. सहा इंचांवर एवढं फिरतं. गाडी अजून भरलेलीच उभी असेल तर बाहेरून फोटो काढून ठेवा आणि शंका वाटली तर फेरमोजणीची मागणी जबाबातच करा. पंचनाम्यावर ड्रायव्हरची सही आहे का, कोऱ्या कागदावर घेतली होती का, तेही त्याला विचारा.

आता रकमेचं. २०२२ च्या नियमांत अवैध परिवहनाला खनिजाच्या रॉयल्टीच्या, इथे अर्थ परवाना नव्हे तर खनिजावरचं सरकारी शुल्क, पंधरापट शास्ती आहे आणि वर गाडीच्या प्रकाराप्रमाणे पर्यावरण क्षतिपूर्ती. ट्रॅक्टर-ट्रॉलीला कमी, चाकं वाढतील तशी जास्त. तुमच्या सव्वादोन लाखांत रेतीचा वाटा लहान आणि दहा चाकांचा वाटा मोठा असणार, नोटिशीतली फोड बघा. ही रक्कम भरून प्रकरण मिटवायची सोय असते, त्याला प्रशमन म्हणतात. भरली की त्या प्रकरणापुरता खनिज विभाग थांबतो आणि गाडी सुटते. लोक भरतात, कारण उभी गाडी खाते आणि चालती गाडी देते.

पण भरण्यापूर्वी एक निकाल माहीत असू द्या, आपल्या शेजारच्या उज्जैनचाच आहे. तिथे खनिज विभागाने गाड्या पकडल्या, मालकांनी रक्कम भरून प्रकरणं मिटवली. नंतर वर्तमानपत्रात बातमी आली, ती वाचून मॅजिस्ट्रेटनी स्वतःहून गुन्हे नोंदवायला सांगितलं. वाद इंदूर खंडपीठातून सुप्रीम कोर्टात गेला. जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य, ३ डिसेंबर २०२० चा निकाल. कोर्टाने म्हटलं, प्रशमन झालं की खाण कायद्याखालचा खटला चालणार नाही, पण चोरीचा गुन्हा वेगळा आहे आणि तो चालू शकतो. म्हणजे पैसे भरले की सगळं संपलं, हे तुम्हाला जो कुणी छातीठोक सांगेल तो अर्धंच सांगतो आहे. म्हणून आधी एफआयआर आहे की नाही ते बघा, मग भरायचं की लढायचं ते ठरवा.

माझं मत विचाराल तर पहिल्याच दिवशी भरू नका. सविस्तर जबाब द्या आणि त्यासोबत वेगळा अर्ज द्या की प्रकरणाचा निकाल लागेपर्यंत योग्य ती जमानत घेऊन गाडी सुपुर्दगीवर द्यावी. कारणं साधी लिहा: परवाना खरा, वेळ बिघाडामुळे गेली, गाडी कर्जावर, मालक अंथरुणाला खिळलेले, घराचं दुसरं उत्पन्न नाही. तीन-चार आठवड्यांत हालचाल झाली नाही तर पुन्हा हिशोबाला बसा. तीन महिने उभी गाडी म्हणजे १,५६,००० चे हप्ते, वर बॅटरी आणि टायर. तेव्हा भरून मोकळं व्हावं असं वाटलं तर त्यात कमीपणा मानू नका, पण रक्कम सरकारी चलानानेच भरा, कुणाच्या हातात नाही, आणि आदेशाची प्रत घेतल्याशिवाय कचेरी सोडू नका. आदेश विरुद्ध गेला, विशेषतः राजसातीचा निघाला, तर अपिलाची मुदत त्याच दिवशी वकिलांना विचारून कॅलेंडरवर लिहा. हायकोर्टाचं खंडपीठ इंदूरलाच आहे, देवास त्याच खंडपीठाखाली येतं, पण खालची दारं ठोठावल्याशिवाय तिथे गेलात तर बहुधा परत खालीच पाठवतील.

एफआयआर निघाली तर मात्र कोर्टात जायचंच. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची ४९७ आणि ५०३ ही त्यासाठीची कलमं, पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेची ४५१ आणि ४५७. नव्या संहितेत वस्तूचं वर्णनपत्र कोर्टाने चौदा दिवसांत करावं, तिचे फोटो-व्हिडिओ काढावेत आणि पुढच्या तीस दिवसांत तिची व्यवस्था लावावी असं आलं आहे. आणि सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या २००२ च्या निकालात सुप्रीम कोर्टाने स्पष्ट सांगितलंय की गाड्या थान्यात वर्षानुवर्षं कुजवण्यात अर्थ नाही, हमी आणि जमानत घेऊन त्या लवकर सोडाव्यात. तुमचे वकील हा दाखला देतीलच. कोर्ट सहसा अटी घालतं, की गाडी विकायची नाही, रंग-रूप बदलायचं नाही, बोलावलं की हजर करायची. जमानतदार म्हणून दिरांना सांगा, शेतीची ऋणपुस्तिका (जमिनीची सरकारी वही) आणि आधार घेऊन तयार राहा. पुस्तिकेवर आधीची जमानत चढलेली नाही ना, हे त्यांना निघायच्या आधीच विचारा. कोर्टात गेल्यावर ते कळलं तर तो दिवस फुकट जातो.

गाडी कुणाच्या नावावर आहे ते तुम्ही लिहिलं नाही. आरसी यजमानांच्या नावावर असेल तर अर्जही त्यांच्याच नावाने हवा, तुमच्या नुसत्या सहीने चालणार नाही. उजवा हात चालत नसेल तर डाव्या अंगठ्याचा ठसा चालतो. या प्रकरणापुरतं मुखत्यारपत्र तुमच्या नावाने करून घ्या, नोटरींना घरी बोलवा, आणि यजमान शुद्धीत आहेत, त्यांना सगळं समजतं असं डॉक्टरांचं पत्र सोबत जोडा. हे काम एका दुपारचं आहे, पण नसलं तर सगळं अडतं.

कर्ज देणाऱ्या कंपनीला ७ तारखेच्या आधी लेखी कळवा. हप्ता चुकल्यावर कळवलंत तर ते वसुलीची भाषा बोलतील. आधी कळवलंत तर निदान हप्ता पुढे ढकलण्याची बोलणी होऊ शकतात. विमा, फिटनेस, परमिट, पीयूसी यांच्या तारखा बघा, यातलं एखादं संपलेलं निघालं तर सुटायला तयार असलेली गाडीही अडते. थान्यात जाल तेव्हा गाडीचे चारही बाजूंनी फोटो घ्या, टायरांचे नंबर, स्टेपनी, बॅटरी, केबिनमधला मीटर. रेती अजून आत असेल तर ती उतरवून घेण्याची परवानगी मागा, ओल्या रेतीचं ओझं महिनाभर गाडीच्या कमानींवर (स्प्रिंगांवर) राहिलं की त्या बसतात.

वकिलाच्या फीची काळजी तुम्ही लिहिली नाहीत, पण मला ती ओळींमध्ये दिसली. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ मध्ये कोणतीही स्त्री मोफत वकिलाला पात्र आहे, तिचं उत्पन्न विचारलं जात नाही. देवासच्या जिल्हा विधिक सेवा प्राधिकरणात अर्ज करा किंवा १५१०० या क्रमांकावर फोन करा. अर्ज यजमानांच्या नावाने जात असला तरी तिथे सगळं सांगा, मार्ग ते काढून देतात. ड्रायव्हरला पुढेमागे अटक झाली तर कोठडीतल्या माणसालाही त्याच कलमाने मोफत वकील मिळतो, आणि तो मिळवून देण्याची धावपळ तुम्ही करायची.

मुदतीतले दोन दिवस पत्र पोहोचेतो गेले. आज ड्रायव्हरला बोलवा, उद्या सकाळच्या बसने दिरांना सोबत घेऊन देवासला जा आणि येताना पंचनाम्याची प्रत घेऊन या. ती मिळाली की मला पाठवा, जबाबाचा मसुदा मी स्वतः वाचून देईन.